वॉनहोप : उणी आशा

मंडळी, विषय निराशेचा असला तरी सुरुवात आकड्यापासून करू. नव्या करारात संत पॉल करिंथच्या लोकांना लिहिलेल्या दुसऱ्या पत्रात आपण सोसलेल्या हालअपेष्टांचा पाढा वाचतो. त्यात तो म्हणतो, यहुद्यांकडून मी पाच वेळा एकोणचाळीस फटके खाल्ले. एकोणचाळीसच का? तर मोशेच्या नियमशास्त्रात चाळिसांच्या वर फटके मारायला मनाई होती. मोजणाऱ्याच्या हातून चुकून एखादा जास्त पडू नये, म्हणून एक कमीच मारायचे. चौथ्या शतकात वुल्फिला नावाच्या बिशपनं बायबल गॉथिक भाषेत आणलं. गॉथिक ही इंग्रजी, डच, जर्मन यांची जुनी चुलत बहीण. पॉलच्या पत्रांची तिची हस्तलिखितं आज मिलानच्या ग्रंथालयात आहेत. मूळ अक्षरं पुसून त्यावर दुसराच मजकूर लिहिलेला, तरी खालचं वाचता येतं. तिथे हा आकडा असा आहे : 'फिद्वोर टिगुन्स आइनम्मा वनन्स'. चार दहा, एकानं उणे.

आता आपला एकोणचाळीस फोडून बघा. एक, ऊन, चाळीस. रचना तीच आहे, पण रचनेचं मला फारसं कौतुक नाही, कारण पॉलच्या मूळ ग्रीकमध्येही 'चाळिसाला एक कमी' असंच आहे. गंमत शब्दाची आहे. गॉथिक 'वन' आणि संस्कृत 'ऊन' ही एकाच मुळाची दोन फळं आहेत. हे वरवरच्या ध्वनिसाम्यावरून म्हणत नाही, तौलनिक भाषाशास्त्रात ते पक्कं मानलेलं आहे. आपला उणा, उणीव, गणितातलं उणे, 'घरात कशाला काही उणं नाही' मधलं उणं, हे सगळं त्या घरचं. आणि इंग्रजीतला 'वॉन' हा उपसर्गही त्याच घरचा. त्याला 'होप' जोडा. वॉनहोप. उणी आशा. आज ज्याबद्दल बोलायचं तो शब्द हा.

एक गैरसमज आधी काढून टाकू. इंग्रजीत 'वॉन' म्हणजे फिकट, निस्तेज असाही एक शब्द आहे. त्यामुळे बरेच वाचक वॉनहोपचा अर्थ 'फिकुटलेली आशा' असा लावतात. ऐकायला काव्यमय वाटतं, पण ते चूक आहे. तो वॉन निराळा, हा निराळा. या वॉनचे सख्खे म्हणजे चंद्राची कला कमी होत जाते ते 'वेन', आणि आपण दिवसातून पन्नासदा वापरतो तो 'वॉन्ट'. वॉन्टचा मूळ अर्थ 'हवं असणं' नव्हताच, 'कमी असणं' होता. जे उणं आहे तेच माणसाला हवंसं वाटतं, म्हणून अर्थ सरकला.

वॉनहोप इंग्रजीत दिसू लागतो तो 1300 च्या सुमारास. आपण निराशा म्हणतो तेव्हा डोळ्यांपुढे एक मनःस्थिती येते. परीक्षेत नापास झालेला मुलगा, पाऊस न आल्यानं खचलेला शेतकरी. मध्ययुगीन इंग्लंडमधल्या धर्मोपदेशकाला वॉनहोप म्हणजे हे अभिप्रेत नव्हतं. त्याच्या लेखी ते पाप होतं, आणि साधंसुधं पाप नव्हे.

चौदाव्या शतकातला इंग्रज कवी चॉसर याच्या 'कँटरबरी टेल्स'मध्ये यात्रेकरू वाटेत गोष्टी सांगतात. त्यांच्यात शेवटी बोलतो तो एक गरीब, सच्चा पाद्री. तो गोष्ट सांगतच नाही, पापं आणि पश्चात्ताप यांवर गद्यात लांबलचक प्रवचन देतो. बहुतेक वाचक तिथे पुस्तक मिटतात, आणि मी त्यांना दोष देणार नाही. पण आळसाच्या प्रकरणात जरा थांबा. तिथे पाद्री म्हणतो, आता येतं ते वॉनहोप, म्हणजे देवाच्या दयेविषयीची निराशा. ते कधी अतिरेकी दुःखातून येतं, कधी अतिरेकी भीतीतून. माणूस अशी कल्पना करून घेतो की मी इतकी पापं केली आहेत, की आता पश्चात्ताप करून आणि पाप सोडूनही उपयोग नाही. आणि मग, पाद्री पुढे म्हणतो, तो आपलं सगळं मन हर तऱ्हेच्या पापाला वाहून टाकतो. बुडालोच आहे, तर मग काय वाट्टेल ते.

म्हणजे बघा, वॉनहोपमध्ये रडणं नाही, हिशेब आहे. एका पारड्यात माझं पाप, दुसऱ्यात देवाची दया, आणि माझं पारडं जड. पाद्र्याच्या मते हा हिशेबच खोटा आहे, कारण दुसरं पारडं अमर्याद. जुडास आणि पीटर यांच्यातला फरकही ख्रिस्ती परंपरा असाच सांगत आली आहे. एकानं येशूला पकडून दिलं, दुसऱ्यानं त्याची ओळख तीनदा नाकारली. पीटर रडला आणि परतला. जुडासनं आपला निकाल आपणच लावून टाकला.

त्याच परिच्छेदात पाद्री एक चित्र उभं करतो, आणि मला ते सगळ्या प्रवचनातलं सर्वात जिवंत वाटतं. त्या काळी काही खटल्यांचा निवाडा द्वंद्वयुद्धानं होई. लढणारा 'हरलो' अशा अर्थाचा एक शब्द उच्चारला की संपलं. वॉनहोपमध्ये सापडलेला माणूस म्हणजे गरज नसताना तो शब्द उच्चारणारा भेकड योद्धा, असं पाद्री म्हणतो. 'गरज नसताना' हे तो पुन्हा पुन्हा म्हणतो. उगाच शरण गेला, उगाच निराश झाला. शेवटचा श्वास चालू असेपर्यंत दार उघडं आहे हे त्याला सांगायचंय. त्याच्या देवावर विश्वास असो नसो, त्याचा युक्तिवाद स्वच्छ आहे.

पण सगळं इतकं सरळ नाही. याच चॉसरनं आपल्या सरदाराच्या कथेत हा शब्द एका प्रेमवीराच्या तोंडी घातला आहे. आर्साइट आणि पॅलमन हे दोन मावसभाऊ अथेन्सच्या कैदेत, आणि दोघंही खिडकीतून दिसलेल्या एमिलीवर भाळलेले. आर्साइटची सुटका होते, पण पुन्हा या राज्यात पाऊल टाकलंस तर शिर जाईल या अटीवर. सुटल्यावर तो हंबरडा फोडतो. कैदेत होतो तेव्हा निदान ती दिसत तरी होती! आता 'वॉनहोप अँड डिस्ट्रेस' यांतच मरणं माझ्या नशिबी. इथे देवाची दया, पाप वगैरे कुठे काही नाही. म्हणजे चौदाव्या शतकातच शब्द देवळातून बाहेर पडून प्रेमाच्या बाजारात फिरू लागला होता. 'त्या काळी त्याचा अर्थ फक्त धार्मिक होता' असं कुणी ठामपणे सांगितलं तर त्याला आर्साइटची गाठ घालून द्या.

या दोन्ही वाक्यांत एक गोष्ट आपल्या नजरेतून निसटू नये. पाद्री म्हणतो, वॉनहोप, म्हणजे डिस्पेर. अस्सल देशी शब्दाचा अर्थ तो फ्रेंचातून आलेल्या शब्दानं समजावून सांगतो. आर्साइट वॉनहोपला डिस्ट्रेस जोडतो, तोही फ्रेंचच. 1066 च्या नॉर्मन स्वारीनंतर इंग्रजीत अशा देशी-परदेशी जोड्या खूप झाल्या. आपल्याकडे बाजारहाट आणि धनदौलत झाले तसेच. आपल्या जोड्यांत दोघंही सुखानं नांदले, तिकडे मात्र भाडेकरू मालक झाला. एखाद्या शब्दाचा अर्थ दुसऱ्या शब्दानं सांगावा लागतो, तेव्हा वारं कुठल्या दिशेला वाहतंय ते समजावं.

विल्यम लँगलंडचं 'पिअर्स प्लाउमन' चॉसरच्याच काळातलं, प्लेगनं निम्मं-अर्धं गाव रिकामं केलेल्या पिढीचं काव्य. त्याच्या शेवटच्या सर्गात जीवन नावाचा एक छैलछबिला आहे. तो दैवाला, म्हणजे फॉर्च्यूनला, रखेल ठेवतो. त्यांना मुलगा होतो, त्याचं नाव आळस. हा आळस मात्र वाढतो भराभर, बघता बघता वयात येतो आणि लग्न करतो. कुणाशी? वॉनहोपशी. ती कुंटणखान्यातली पोरगी. तिचा बाप टॉम दुजिभ्या, पंच म्हणून बसायचा आणि जन्मात कधी खरी शपथ घेतली नाही असा. तीन-चार ओळींत लँगलंडनं सोयरीक, खानदान, हुंडा सोडून सगळं उरकलंय. आणि लगेच पुढच्या ओळींत युद्धाची चाहूल लागल्यावर आळस गोफण करतो आणि बारा मैलांच्या परिसरात 'डिस्पेर'ची भीती भिरकावतो. नवरीचं नाव देशी आणि गोफणीतला धोंडा फ्रेंच. या कवीच्या हाताशी दोन्ही शब्द होते.

आळस आणि निराशा यांची सोयरीक ही लँगलंडची कल्पना नव्हे. इजिप्तच्या वाळवंटातल्या चौथ्या शतकातल्या साधूंना दुपारी एक विकार जडायचा. ऊन सरत नाही, प्रार्थनेत मन लागत नाही, ही कोठडी सोडून कुठेतरी निघून जावंसं वाटतं. त्याला ते 'असीडिया' म्हणत. पुढे युरोपनं तो सात महापापांत आळस म्हणून बसवला. त्याचं शेवटचं टोक म्हणजे वॉनहोप.

मग शब्द गेला कुठे? सोळाव्या शतकात तो मागे पडला. 1590 मध्ये इंग्रज कवी स्पेन्सरनं 'फेअरी क्वीन' या काव्यात निराशेला गुहेत बसवलं, तेव्हा तिचं नाव डिस्पेर होतं. ती बाई राहिली नव्हती, विस्कटल्या केसांचा एक वाक्पटू पुरुष झाली होती. तो काव्याच्या नायकाला, एका सरदाराला, गोड बोलून पटवतो की तुझ्या पापांचा घडा भरलाय, आता मरणंच बरं, आणि हातात कट्यार देतो. सोबतची उना ती हिसकावून घेते आणि विचारते, देवाच्या दयेत तुझा वाटा नाही का? ही पाद्र्याचीच शिकवण. अर्थ फ्रेंच शब्दाच्या घरी राहायला गेला आणि जुनं घर रिकामं पडलं.

पण फ्रेंचवर सगळं खापर फोडू नये. माझ्या मते वॉनहोपचा आधार आधी त्याच्या उपसर्गानंच काढला. 'वॉन' लावून नवे शब्द होईनासे झाले, तशी वॉनहोपची फोड लोकांना दिसेनाशी झाली. एकोणीस, एकोणतीस म्हणणाऱ्या पोराला त्यातला 'ऊन' कुठे दिसतो? त्या उपसर्गाचा एक वंशज आजच्या इंग्रजीत सुखरूप आहे : 'वॉन्टन'. शिस्त उणी असलेला, वळण न लागलेला पोर, असा त्याचा मूळ अर्थ. उत्तरेत स्कॉट्समध्ये आणखी काही टिकले. स्कॉटिश कवी रॉबर्ट बर्न्सच्या कवितेत मेली नावाची मेंढी दाव्यात अडकून मरते, तेव्हा त्यानं दोर शोधून काढणाऱ्याला शिव्या घातल्या आणि त्या दोराला 'वॉनचान्सी' म्हटलं. अवलक्षणी, दैव उणं असलेला.

आणि डच लोकांना तर हे सगळं ऐकून हसू येईल. त्यांच्याकडे 'वानहोप' आजही घरोघरी, वर्तमानपत्रात, कोर्टात चालतो. निराशेच्या भरात केलेल्या कृत्याला त्याच शब्दापासून झालेला नेहमीचा शब्द आहे. पैसे थकवणारा, गोंधळ, अविश्वास या सगळ्यांसाठीच्या डच शब्दांच्या सुरुवातीला तोच 'वान' लागतो. उपसर्ग जिवंत, म्हणून शब्द जिवंत.

आता एक प्रश्न चिठ्ठीवर आला आहे : हा शब्द आज इंग्रजी लिहिताना वापरावा का? चॉसरच्या काळावर कादंबरी लिहीत असाल तर जरूर. नुसती वाक्याला झालर लावायची असेल तर नको. वाचक कोश उघडेल आणि तुमचं वाक्य विसरेल. आणि एका ठिकाणी तर मुळीच नको. ज्याला डॉक्टर नैराश्याचा आजार म्हणतात, त्याला हौसेनं वॉनहोप म्हणू नका. या शब्दात आरोप आहे, 'उगाच शरण गेलास' असा. आजारी माणसाला तो ठोठावण्याचा हक्क कुणालाच नाही.

दुसरी चिठ्ठी भाषांतराची. लँगलंड मराठीत आणायचा तर वॉनहोपला काय म्हणायचं? 'उणी आशा' टिपेत ठीक आहे, पण ते काही पोरीचं नाव नाही. वैफल्य, नैराश्य, औदासीन्य हे सगळे नपुंसकलिंगी, त्यांचं लग्न लावायचं कसं? निराशा स्त्रीलिंगी आहे आणि आळस पुल्लिंगी. जोडी जुळते, तेव्हा मी डोळे मिटून 'निराशा'च ठेवीन. अडचण आहे ती तिच्या बापाची. 'दुजिभ्या' मी सुचवला खरा, पण तो सापासारखा वाटतो. खोटी साक्ष देणाऱ्या पंचाला तुमच्या भागात काय म्हणतात, ते कार्यक्रमानंतर मला येऊन सांगा.