झाडाने पोसलेला डंख

मंडळी, बोलताना आपण 'मुंगी चावली' म्हणतो. विंचूसुद्धा आपल्या भाषेत चावतोच. पण आज मी ज्या मुंग्यांविषयी बोलणार आहे, त्या जबड्याने नुसती पकड घेतात आणि मग पोटाच्या टोकाची नांगी खुपसतात. ही नांगी म्हणजे मूळचा अंडी घालण्याचा अवयव. पिढ्यान्‌पिढ्यांच्या उत्क्रांतीत त्याचं हत्यार झालं. म्हणून डसते ती मादीच, नराला नांगी नसतेच. झाडावर पानं जोडून घरटी करणाऱ्या विणकर मुंग्यांनी तर हे हत्यार गमावलंय. त्या कडकडून चावतात आणि जखमेवर फॉर्मिक आम्ल सोडतात.

डंखाचा विषय निघाला की सगळ्यांना आठवते ती बुलेट अँट. मध्य आणि दक्षिण अमेरिकेच्या वर्षावनांत ती झाडाच्या बुंध्याशी घर करते आणि अन्नासाठी थेट शेंड्यापर्यंत चढते. लांबी जवळपास इंचभर. तिथले लोक तिला 'चोवीस तासांची मुंगी' म्हणतात, कारण ठणका दिवसभर उतरत नाही. जस्टिन श्मिट या अमेरिकन कीटकशास्त्रज्ञाने स्वतःला झालेल्या डंखांवरून वेदनेची एक मोजपट्टी केली. तिच्यात मधमाशी २ वर आहे आणि ही मुंगी सर्वांत वर, ४ वर.

एवढं का दुखतं, हे समजून घ्यायला मला फार आवडतं. आपल्या चेतापेशींच्या भिंतीत सोडियमची सूक्ष्म दारं असतात. ती क्षणभर उघडतात, संदेश पुढे जातो, दारं मिटतात. या मुंगीच्या विषातलं पोनेराटॉक्सिन ती दारं नीट मिटूच देत नाही. एकदा 'दुखलं' सांगून गप्प बसायची ती चेता सांगतच राहते. म्हणजे जखम टाचणीच्या टोकाएवढी आणि कळ हातभर! असं विष मोठ्या, पाठीचा कणा असलेल्या प्राण्यांना हुसकावण्यासाठीच उपयोगी. किड्याची शिकार करायला एवढ्या कळेची काय गरज?

आता बाभळीच्या कुळातल्या एका झाडाकडे येऊ. मेक्सिको आणि मध्य अमेरिकेतल्या या अकेशियाचे काटे बैलाच्या शिंगांसारखे फुगीर असतात. बुलेट अँटहून वेगळ्या, पण डसणाऱ्याच मुंग्यांची तरुण राणी काट्याच्या टोकाजवळ भोक पाडते, आत शिरते आणि तिथे अंडी घालते. पुढे त्या एका झाडावर हजारो कामकरी मुंग्या नांदतात. झाड त्यांना देठांवरच्या ग्रंथींतून गोड रस देतं. शिवाय पर्णिकांच्या टोकांना प्रथिनं आणि स्निग्धांश असलेले बारीक दाणे येतात. ते दुसऱ्या कोणत्याच कामाचे नाहीत, केवळ मुंग्यांचं अन्न!

निकाराग्वात सोन्याच्या खाणीवर इंजिनिअर असलेल्या थॉमस बेल्ट यांनी १८७४ मध्ये लिहून ठेवलं होतं की या मुंग्या झाडाचं रक्षण करतात. पुढे कित्येक जाणत्यांना ते पटलं नाही. मुंग्यांना झाड हवं असेल, झाडाला त्यांचं काय, असा त्यांचा सवाल. १९६० च्या दशकात डॅनियल जॅन्झन यांनी मेक्सिकोत सरळ काही झाडांवरच्या मुंग्या काढून टाकल्या. ती झाडं किड्यांनी खाल्ली, वेलींनी आणि शेजारच्या झुडपांनी झाकोळून टाकली. मुंग्या असलेली झाडं मात्र वाढत राहिली. कारण मुंग्या रात्रंदिवस गस्त घालतात, पानाला तोंड लावणाऱ्याला डसतात, बुंध्याभोवती उगवलेलं रोपही कुरतडून टाकतात. अकेशियाच्या इतर जातींच्या पानांत असणारी कडू, विषारी रसायनं या झाडात आढळत नाहीत. कडूपणाचं काम त्याने मुंगीच्या नांगीवर सोपवलंय. म्हणून मी म्हणतो, हा डंख जितका मुंगीचा तितकाच झाडाचा आहे.

आणि झाड हा खर्च उगाच करत नाही. केनियात मुंग्यांना आसरा देणारं दुसरं एक अकेशिया आहे. तिथल्या मुंग्या नांगी खुपसत नाहीत, पण चावून हैराण करतात. हत्तीसुद्धा अशा झाडाला सोंड लावायला कचरतो. संशोधकांनी तिथल्या काही जागांना कुंपण घालून हत्ती-जिराफांना बाहेर ठेवलं. दहा वर्षांनी पाहिलं, तर झाडांनी गोड रस कमी केला होता आणि मुंग्यांना राहायला लागणारे फुगीर काटेही. रखवालदार मुंग्या घटल्या, त्यांच्या जागी झाडाची फारशी काळजी न घेणारी दुसरी जात आली. ती जात भुंगेऱ्यांच्या अळ्यांनी पोखरलेल्या बिळांत राहते, त्यामुळे खोड पोखरलं गेलं तर तिचं बरंच! झाडपाला खाणारा मोठा प्राणी एकही उरला नव्हता, तरी कुंपणातली ती झाडं सावकाश वाढत होती आणि जास्त मरत होती.