पुण्याचं पाणी पुण्यात पडत नाही

मंडळी, शिवाजीनगरच्या वेधशाळेत वर्षाकाठी सरासरी सातशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस मोजला जातो. तिथून पश्चिमेला पन्नासेक किलोमीटरवर ताम्हिणीला तोच आकडा पाच हजारांच्या पुढे जातो. पुण्यातल्या नळाचा सगळा भूगोल या दोन आकड्यांत आहे. शहरात धो धो पाऊस पडला तरी आपल्या पाण्याची सोय होत नाही, आणि शहरात आठवडाभर ऊन पडलं तरी धरणं भरत राहतात. पाणी देते ती सह्याद्रीच्या माथ्यालगतची एक अरुंद पट्टी. नैर्ऋत्य मोसमी वारे कोकणातून चढून येतात, त्या कड्यावर रिकामे होतात आणि पुढे पुण्याकडे निघताना त्यांच्यात फारसं काही उरलेलं नसतं.

या पट्टीतून तीन खोरी पूर्वेकडे उतरतात. उत्तरेकडून मुठा, मधे मोसे, दक्षिणेला आंबी. बारा मावळांतली मुठे खोरं आणि मोसे खोरं ती हीच. मोसे खोऱ्याचे देशमुख बाजी पासलकर. वरसगावच्या जलाशयाला त्यांचं नाव आहे. मुठेवर टेमघर धरण, मोसेवर वरसगाव, आंबीवर पानशेत. तिन्ही पाणी सांगरूणजवळ एकत्र येतं आणि खडकवासल्यात शिरतं.

आता साठे बघा. वरसगाव १२.८२ टीएमसी, पानशेत १०.६५, टेमघर ३.७१ आणि खडकवासला अवघा १.९७. एक टीएमसी म्हणजे सुमारे २,८३१ कोटी लिटर. चौघांचे मिळून २९.१५ टीएमसी होतात. त्यात ज्या धरणाचं नाव या चार धरणांच्या साखळीला दिलंय, त्या खडकवासल्याचा वाटा जेमतेम पंधरावा. म्हणून जुलैत ‘खडकवासला शंभर टक्के भरलं’ ही बातमी वाचून पेढे वाटू नयेत. बातमी वरसगाव आणि पानशेतची बघायची. खडकवासला भरायला फार वेळ लागत नाही, कारण तिन्ही धरणांच्या खालच्या डोंगरांचं पाणी थेट त्यात येतं. वरची धरणं अजून भरायची असतानासुद्धा खालून विसर्ग सुरू करावा लागतो, तो याच कारणानं. मग भिडे पूल पाण्याखाली जातो आणि सिंहगड रस्त्याला नदीकाठच्या सोसायट्या जागरण करतात.

हे धरण लहान, पण जुनं. कॅप्टन फाइफ यांनी आखलेलं आणि १८७९ मध्ये पूर्ण झालेलं. त्याआधी पेशव्यांनी पाणी मुठेतून नव्हे, कात्रजहून आणलं होतं: तलावातून दगडी नळ, वाटेत हवेसाठी उच्छ्वास, आणि उतारावर आपोआप वाहत येणारं पाणी शहरातल्या हौदांपर्यंत. शेजारून नदी वाहत असताना एवढा खटाटोप का? कारण उन्हाळ्यात ती पुरेशी वाहतच नाही. या नद्यांच्या डोक्यावर बर्फ नाही, काळा कातळ आहे. चार महिन्यांचं पाणी अडवलं तर आहे, नाहीतर वाहून गेलं.

अडवण्याची किंमतही याच खोऱ्यानं दाखवली. १२ जुलै १९६१ ला काम पुरतं संपलेलं नसलेलं पानशेतचं मातीचं धरण फुटलं. आंबीच्या अरुंद खोऱ्यातून ते पाणी आलं आणि त्याखाली असलेलं खडकवासल्याचं दगडी धरणही टिकलं नाही. शहराच्या डोक्यावर एकाखाली एक धरणं असली की वरच्याचं संकट खालच्याचंही होतं.

आता मुठेच्या उत्तरेची एकच डोंगररांग ओलांडा. पलीकडे मुळेचं खोरं, मुळशीचं धरण. पाऊस तोच, कडाही तोच. पण हे पाणी पूर्वेला येत नाही. ते बोगद्यातून आणि नळांतून सुमारे पाचशे मीटर खाली कोकणात भिऱ्याला सोडलं जातं, वीज तयार करतं आणि कुंडलिकेतून अरबी समुद्राला मिळतं. या धरणाविरुद्धचा मुळशी सत्याग्रह १९२१ चा. बापटांना ‘सेनापती’ म्हणायला लागले ते तिथून. मुठेचं पाणी मात्र मुळा, भीमा, उजनी, कृष्णा असं फिरत बंगालच्या उपसागराकडे जातं. एका रांगेच्या दोन बाजूंना पडलेले दोन थेंब द्वीपकल्पाच्या दोन किनाऱ्यांना पोचतात, आणि त्यातला एक माणसानं वळवलेला असतो. उन्हाळ्यात टंचाई आली की मुळशीचं पाणी पूर्वेला द्या, ही मागणी पुन्हा वर येते. वीज की पाणी, हे भांडण शंभर वर्षं जुनं आहे आणि मला विचाराल तर त्यात उतार विजेच्या बाजूनं आहे.

दुसरं भांडण आपलं स्वतःचं आहे. खडकवासल्यापासून निघालेला उजवा कालवा शहराच्या मधून जातो तो दौंड आणि इंदापूरकडे. २७ सप्टेंबर २०१८ ला दांडेकर पुलाजवळ त्याची भिंत फुटली, तेव्हा आपल्या वस्त्यांमधून शेतीचं पाणी वाहतंय हे अनेकांना पहिल्यांदा कळलं. पुणं वाढलं तसं कालव्याचं आवर्तन, म्हणजे शेतीला पाळीनं सोडलं जाणारं पाणी, आखडत गेलं. त्याची भरपाई म्हणून शहरानं वापरून झालेलं पाणी शुद्ध करून मुंढव्याच्या जॅकवेलमधून (पाणी उपसायच्या विहिरीतून) पुन्हा कालव्यात सोडायचं ठरलं. शहराला घाटमाथ्यावरचं ताजं पाणी मिळतं. खालच्या शेतकऱ्याला आपण वापरलेलं. ते किती शुद्ध करून देतो, यावर त्यांची तक्रार आहे आणि ती रास्त आहे.

इथं थांबतो. नकाशा भिंतीवर आहे, प्रश्न विचारा.