बुधवारी रात्री आठ वाजता

(पडद्यावर : लाकडी पेटीतला जुना रेडिओ. तबकडीवरचा काटा हळूहळू सरकतो. खरखर, शिट्टी, तुटक आवाज, मग एक स्टेशन स्पष्ट लागतं.)

ही गोष्ट रेडिओ निवेदक अमीन सयानी आणि त्यांच्या ‘बिनाका गीतमाला’ची. 1952 साल. हिंदी सिनेमाचं संगीत ऐन बहरात होतं. नौशाद, सी. रामचंद्र, शंकर-जयकिशन, सचिनदेव बर्मन एकाच वेळी कामात होते. लता, रफी, तलत, गीता रॉय गात होते. आणि हे सगळं देशाच्या स्वतःच्या रेडिओवर मात्र जवळपास ऐकायलाच मिळत नव्हतं.

माहिती व नभोवाणी खात्याचे मंत्री तेव्हा बाळकृष्ण विश्वनाथ केसकर होते. मराठी माणूस, शास्त्रीय संगीताचा पक्का भक्त. शास्त्रीय संगीताचा अखिल भारतीय कार्यक्रम आकाशवाणीवर त्यांच्याच काळात सुरू झाला, आणि त्याबद्दल त्यांचे आभारच मानायला हवेत. सिनेमाची गाणी मात्र त्यांना मुळीच रुचत नव्हती. गाणी कमी करा, वाजवलीच तर चित्रपटाचं नाव सांगू नका, ती जाहिरात होते, असं धोरण आलं. निर्माते बिथरले. त्यांनी गाणी वाजवण्याची परवानगीच काढून घेतली. म्हणजे बंदीचा एकच हुकूम निघाला आणि गाणी थांबली, असं झालं नाही. दोन्हीकडून ताणलं गेलं आणि ऐकणारा उपाशी राहिला.

तो उपाशी ऐकणारा काटा फिरवत फिरवत कोलंबोला पोहोचला.

दुसऱ्या महायुद्धात आग्नेय आशियातल्या दोस्त सैन्यासाठी सिलोनमध्ये, म्हणजे आजच्या श्रीलंकेत, जबरदस्त ताकदीची प्रक्षेपण यंत्रणा उभी केली होती. युद्ध संपलं, सैनिक घरी गेले, यंत्रणा रेडिओ सिलोनच्या हाती आली. शॉर्टवेव्हवरून तिचा आवाज अर्ध्या आशियात पोहोचायचा. शिवाय रेडिओ सिलोनला जाहिराती चालत होत्या. आकाशवाणीला त्या चालायला पुढे 1967 उजाडावं लागलं. टूथपेस्ट, पेयं, डोकेदुखीच्या गोळ्या विकणाऱ्यांना हा रस्ता सापडला. कार्यक्रम मुंबईत ध्वनिमुद्रित व्हायचे, टेपची रिळं विमानानं कोलंबोला जायची आणि तिथून आवाज परत भारतात यायचा.

बिनाका टूथपेस्टच्या कंपनीला असाच एक कार्यक्रम हवा होता. हीच ‘बिनाका गीतमाला’. सात गाणी, अर्धा तास, आणि श्रोत्यांना एक कोडं : ही गाणी आम्ही वाटेल त्या क्रमानं वाजवू, तुम्ही ती लोकप्रियतेनुसार लावून पाठवा. बक्षीस शंभर रुपये. कार्यक्रम लिहायचा, बसवायचा, सादर करायचा, वर आलेली पत्रंही तपासायची, आणि या सगळ्याचा मोबदला आठवड्याला पंचवीस रुपये. एवढ्या पैशांत एवढं काम नवखा माणूसच करणार. तो नवखा मुलगा म्हणजे अमीन सयानी. 3 डिसेंबर 1952, बुधवार. वयाची वीस वर्षं पूर्ण व्हायला अजून अठरा दिवस होते.

(पडद्यावर : मुंबईचे जुने रस्ते, ट्राम. नंतर छापखान्यातली खिळ्यांची पेटी.)

हा मुलगा माइकसमोर आला तोपर्यंत त्याची अर्धी घडण घरातच झाली होती, आणि ती रेडिओसाठी झालीच नव्हती. माझ्या मते अमीन सयानींना समजून घ्यायचं तर गीतमालेच्याही आधी त्यांच्या आईकडे जावं लागतं.

कुलसुम सयानी मुंबईत प्रौढशिक्षणाचं काम करायच्या. मोठ्या वयाच्या, कधीच शाळेत न गेलेल्या माणसांना, बायकांना लिहा-वाचायला शिकवायच्या. त्यात एक अडचण पुन्हा पुन्हा यायची. माणूस अक्षरं शिकतो, पण पुढे वाचायचं काय? वर्तमानपत्र त्याला झेपत नाही, पुस्तकं महाग, आणि सराव सुटला की शिकलेलं विसरतो. म्हणून 1940 साली त्यांनी एक पाक्षिक काढलं. नाव ‘रहबर’, म्हणजे वाट दाखवणारा. एकच मजकूर तीन लिप्यांत छापला जायचा : देवनागरी, उर्दू आणि गुजराती. भाषा साधी हिंदुस्तानी. गांधीजींचा आग्रहही याच भाषेचा होता. संस्कृतनं जड झालेली नको, फारसीनं जड झालेली नको, बाजारात दोन अनोळखी माणसं जी सहज बोलतात ती. हे पाक्षिक वीस वर्षं चाललं.

लहानपणापासून अमीन आईला या कामात मदत करायचे. रोजचं काम काय, तर एखादं वाक्य नुकतंच वाचायला लागलेल्या माणसाला अडेल का, ते पाहायचं. अडत असेल तर शब्द बदलायचा. वाक्य तोडायचं. पुढे रेडिओवर त्यांचं निवेदन कुणालाच अडलं नाही, रिक्षावाल्याला नाही आणि प्राध्यापकालाही नाही, त्याचं मूळ मला या छापखान्यात दिसतं.

मोठे बंधू हमीद सयानी इंग्रजीतले नावाजलेले निवेदक होते. तेच धाकट्या भावाला रेडिओकडे घेऊन आले. अमीन यांची सुरुवात इंग्रजी कार्यक्रमांनी झाली. शाळा गुजराती माध्यमाची, पुढे ग्वाल्हेरचं सिंदिया स्कूल, मग मुंबईचं सेंट झेवियर्स कॉलेज. हिंदी निवेदक व्हावं म्हणून त्यांनी आकाशवाणीत आवाजाची चाचणी दिली. नकार मिळाला. वाचन चांगलं आहे, पण उच्चारांवर गुजराती आणि इंग्रजीची छाप आहे, असं कारण सांगण्यात आलं.

मुंबईत वाढलेल्या कुणालाही हा नकार समजेल. आपल्या शहरात माणूस चार भाषांत जगतो आणि चारही भाषांना एकमेकींचा वास लागतो. अमीन यांनी उच्चारांवर मेहनत घेतली, नुक्ते, म्हणजे उर्दू अक्षरांचे खास उच्चार, घासून घेतले, पण ती चार भाषांची मोकळीक पुसून टाकली नाही. म्हणून त्यांचं हिंदी ना लखनौचं वाटतं ना बनारसचं. सगळ्यांचं वाटतं.

झेवियर्सच्याच आवारात रेडिओ सिलोनसाठी काही कार्यक्रमांचं ध्वनिमुद्रण व्हायचं. अमीन तिथे जाऊन बसायला लागले, ऐकायला, शिकायला. ‘ओव्हलटीन फुलवारी’ नावाचा कार्यक्रम होता. एके दिवशी जाहिरात वाचणाऱ्याचं काम निर्मात्यांना पटेना. समोर बसलेल्यांतून अमीन यांना उठवलं आणि कागद हातात दिला. ते इतक्या जोशात वाचायला लागले की निर्मात्यांनी कानांवर हात ठेवले. इथे मोर्चा नाही, जरा हळू, असं सांगावं लागलं. आवाज खाली आला, काम मिळालं. मेहनताना काय, तर आठवड्याला ओव्हलटीनचा एक छोटा डबा. ही हकिकत ते पुढे आयुष्यभर मोठ्या आनंदानं सांगत.

(पडद्यावर : टपालाच्या थैल्या, पोस्टकार्डांचे ढीग. गिचमिड अक्षर, सुबक अक्षर, पेन्सिलीचं अक्षर.)

आता पुन्हा त्या डिसेंबरमध्ये येऊ. पहिल्या कार्यक्रमाला चाळीस-पन्नास पत्रं येतील असा सगळ्यांचा अंदाज होता. आली नऊ हजार.

क्षणभर विचार करा. तपासायचा कोण? तोच पंचवीस रुपयांचा मुलगा. आणि पत्रं थांबेनात. वर्षभरात आकडा आठवड्याला पासष्ट हजारांच्या घरात गेला. आधी सगळे खूश, मग सगळे हैराण. इतकी कोडी तपासणं माणसाच्या आवाक्यातलं नव्हतं. शेवटी कोडं बंद करून गाण्यांचा क्रम कार्यक्रमातच लावायचं ठरलं. 1954 च्या अखेरीपासून गीतमाला आपल्याला आठवते त्या रूपात आली : एक तास, शेवटच्या पायरीपासून पहिल्यापर्यंत चढत जाणारी. पायरीला त्यांनी ‘पायदान’ म्हटलं आणि अव्वल गाण्याला ‘सरताज’.

आता हा क्रम ठरवायचा कसा? इथे मला थोडं रेंगाळायचं आहे, कारण अमीन सयानी म्हटलं की आवाजाबद्दलच बोललं जातं, या कामाबद्दल फार कमी. गीतमालेत गाणं वर चढलं की रेकॉर्डचा खप वाढायचा, संगीतकाराचा भाव वाढायचा. म्हणजे क्रमात ढवळाढवळ करण्यात अनेकांचा फायदा होता. एकाच हस्ताक्षरातली शेकडो पत्रं येऊ शकत होती. म्हणून देशभरातल्या रेकॉर्डविक्रेत्यांकडून खपाचे आकडे मागवले जाऊ लागले. पण दुकानदारालाही कुणी वश करू शकतं, शिवाय रेकॉर्ड विकत घेणारा वर्ग वेगळा आणि चौकात उभं राहून ऐकणारा वेगळा. मग गावोगावच्या श्रोता संघांची पसंती जोडीला घेतली. ठिकठिकाणी मंडळं निघाली, आठवड्याच्या याद्या तयार होऊ लागल्या, त्यावरून भांडणं होऊ लागली. एखादं गाणं ठरावीक आठवडे गाजलं की त्याला मानानं निरोप द्यायचा, म्हणजे नव्यांना जागा होते. हा सगळा हिशेब बुधवार ते बुधवार, अनेक वर्षं चालला. लोकांचा विश्वास त्या हिशेबावर बसला होता. आवाजानं तो टिकवला.

1953 च्या वार्षिक यादीत पहिलं आलं ‘अनारकली’मधलं ‘ये ज़िंदगी उसी की है’. गाणारी लता, संगीत सी. रामचंद्र यांचं. पुणतांब्याचे आपले चितळकर (हेच सी. रामचंद्र) आणि लताबाई, म्हणजे गीतमालेचं पहिलं वर्ष मराठी माणसांनीच जिंकलं. हे सांगताना मला आजही छाती फुगवावीशी वाटते.

(पडद्यावर : काही सेकंद चित्र नाही. फक्त आवाज : “जी हाँ, बहनों और भाइयों, मैं हूँ आपका दोस्त, अमीन सयानी...”)

आता जरा कान देऊन ऐका. ‘बहनों’ आधी, ‘भाइयों’ नंतर. आणि लगेच ‘आपका दोस्त’. त्या काळचा सरकारी निवेदक श्रोत्याला वरून बोलायचा : शुद्ध, गंभीर, एका सुरात. हा माणूस खुर्ची ओढून शेजारी बसतो. त्याच्या आवाजात हसू आहे, आणि ते ऐकू येतं.

आणखी एक गोष्ट पाहा. तो पायदानचा आकडा आधी सांगतो. मग थांबतो. मागच्या आठवड्यात हे गाणं कुठे होतं, किती पायऱ्या चढलं किंवा घसरलं, ते सांगतो. मग गीतकार, मग संगीतकार. आपण मनातल्या मनात ओळखायला लागतो. आणि गाण्याचं नाव अगदी शेवटी, सूर सुरू व्हायच्या जेमतेम आधी. क्रिकेटच्या समालोचकासमोर सामना तरी असतो. इथे समोर फक्त कागद, आणि त्या कागदावर निकाल आधीच लिहिलेला. तरी ऐकणाऱ्याचा श्वास अडकायचा. गीतकाराचं नाव न चुकता घेणं हेही त्या काळी मोठं काम होतं. शैलेंद्र, साहिर, मजरूह ही नावं खेड्यापाड्यांत तोंडपाठ झाली, त्यात या कार्यक्रमाचा वाटा फार मोठा आहे.

तेव्हा रेडिओ ठेवायला परवाना लागायचा, त्याचे पैसे पोस्टात भरायचे. प्रत्येक घरात रेडिओ नव्हताच. ज्याच्याकडे होता त्याच्या ओसरीवर बुधवारी रात्री आठला आळी जमायची. शॉर्टवेव्हचा आवाज लाटांसारखा यायचा आणि ओसरायचा. नेमकं सरताज गाणं सांगायच्या वेळी खरखर आली की सगळे रेडिओवर कान लावून ओणवे व्हायचे.

सरकारलाही अखेर हे दिसलं. 3 ऑक्टोबर 1957 ला आकाशवाणीनं विविध भारती सुरू केली आणि सिनेमाची गाणी घरच्या रेडिओवर परतली. गीतमाला मात्र सिलोनवरच राहिली, आणि लोकही तिच्याबरोबर राहिले. पुढे टूथपेस्टचं नाव बदललं तसं ‘बिनाका’चं ‘सिबाका’ झालं. 1989 मध्ये गीतमाला विविध भारतीवर आली. ज्या आकाशवाणीनं गाणी आणि हा निवेदक, दोघांनाही एकेकाळी नको म्हटलं होतं, तिथेच दोघं आले.

गीतमालेबाहेरचं काम थोडक्यात सांगतो. हमीदभाई 1975 मध्ये गेले, तेव्हा त्यांची बॉर्नव्हिटा क्विझ काँटेस्ट अमीनभाईंनी हाती घेतली. ‘एस. कुमार्स का फिल्मी मुकदमा’मध्ये त्यांनी तारेतारकांना खोट्या न्यायालयात उभं करून खरी उत्तरं काढली. काही चित्रपटांत ते निवेदक म्हणूनच दिसले. ‘भूत बंगला’ आणि ‘तीन देवियाँ’ त्यातले. चोपन्न हजार कार्यक्रम आणि एकोणीस हजार जाहिराती-जिंगल्स, असा त्यांच्या कामाचा हिशेब दिला जातो.

एका कामापाशी मात्र थांबायला हवं. एड्सचं नाव काढलं तरी लोक दाराआड कुजबुजत, त्या काळात त्यांनी ‘स्वनाश’ ही रेडिओमालिका केली आणि या आजाराबद्दल डॉक्टरांना, समाजसेवकांना बोलतं केलं. रहबरच्या घरातला मुलगा इथे पुन्हा ऐकू येतो : अवघड गोष्ट, साधे शब्द, समोरच्याचा मान राखून.

त्यांची नक्कल कुणी केली नाही? आपल्याकडचे ऑर्केस्ट्राचे निवेदक, गणेशोत्सवातले सूत्रसंचालक, मिमिक्री करणारे, सगळ्यांनी ‘बहनों और भाइयों’ म्हणून पाहिलं. सूर बऱ्याच जणांना जमला. पण पंधरा मिनिटं तसंच बोलायला लावलं की फरक कळतो, कारण तिथे वाक्य लिहावं लागतं, आणि तसं वाक्य लिहिणं फार कठीण आहे.

2009 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. तो मान त्यांच्या आईलाही मिळालेला होता.

20 फेब्रुवारी 2024 ला मुंबईत हृदयविकाराच्या झटक्यानं अमीन सयानी गेले. वय 91. गाणी आज कुठेही मिळतात, बोटाच्या एका टोकावर. त्यांच्यामागच्या गोष्टी अमीनभाईंनी नंतरच्या काळात ‘गीतमाला की छाँव में’ या ध्वनिसंचांमध्ये स्वतः सांगून ठेवल्या आहेत. घरात सारेगामाचा कारवाँ, तो जुन्या गाण्यांनी भरलेला संच, असेल तर त्यावरही त्यांची गीतमाला आहे. सुरुवात पन्नासच्या दशकापासून करा, आणि गाणी पुढे ढकलली तरी चालेल, निवेदन ढकलू नका.