आनंद पटवर्धन: कॅमेरा आणि कोर्टाची फाइल

(पडद्यावर थरथरणारी कृष्णधवल चित्रं)

ही चित्रं जयप्रकाश नारायण यांच्या बिहार आंदोलनाची, १९७४ सालची. मुंबईचे माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी ती सुपर-एटवर, म्हणजे आठ मिमी रुंदीच्या फिल्मवर टिपली. ही फिल्म धुतली की सहसा थेट पॉझिटिव्हच हाती येते. निगेटिव्हच नाही, मग प्रती काढायच्या कशावरून? तोडगा असा: फिल्म छोट्या पडद्यावर पाडायची आणि समोर १६ मिमी कॅमेरा लावून तीच पुन्हा टिपायची. पण सुपर-एट साधारण सेकंदाला १८ चौकटींची, १६ मिमी २४ची. शटर जुळत नाही, म्हणून चित्र लुकलुकतं, दाणाही भरड होतो. होऊ दे. आणीबाणीत याच माहितीपटाची, ‘क्रांती की तरंगें’ची प्रत तुकडे करून देशाबाहेर गेली.

(कोर्टाच्या फायलींचे गठ्ठे)

पुढची लढाई कागदांची.

‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ १९९५चा. दोन भाग, प्रमाणपत्रंही दोन: पहिल्याला ‘यू’ (सर्वांसाठी), दुसऱ्याला ‘ए’ (फक्त प्रौढांसाठी). दूरदर्शननं दाखवायला नकार दिला आणि प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. निकाल लागला २००६मध्ये: दाखवा. चित्रपट अख्खा पाहून तोलायचा, सुटी दृश्यं उचलून नाही, असं न्यायालयानं सांगितलं. इथे अकरा वर्षं गेली, हे विसरू नका.

अणुचाचण्यांवरच्या ‘जंग और अमन’ला सेन्सॉर मंडळानं २१ कट सुचवले होते. एकेक कट मान्य करत गेलं की युक्तिवादच लंगडा होतो, म्हणून पटवर्धन अडून राहिले. २००३मध्ये मुंबई उच्च न्यायालयानं एकही कट न लावता चित्रपट सोडवला. तेव्हा सेन्सॉर मंडळ आणि उच्च न्यायालय यांच्या मध्ये अपील न्यायाधिकरणाची पायरी होती. २०२१मध्ये ती मोडली. आता सेन्सॉरशी पटलं नाही तर दिग्दर्शकाला सरळ उच्च न्यायालय गाठावं लागतं. वकिलाचा खर्चही त्याच्याच खिशातून.

(घाटकोपर, रमाबाई नगर)

११ जुलै १९९७. आंबेडकरांच्या पुतळ्याच्या विटंबनेचा निषेध करणाऱ्यांवर पोलिसांनी गोळीबार केला, त्यात १० जण गेले. त्याच्या निषेधात चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आयुष्य संपवलं. पटवर्धनांच्या आधीच्या ‘हमारा शहर’ या माहितीपटात ते गायले होते, त्यामुळे त्यांचा आवाज हाताशी होताच. चित्रीकरण सुरू झालं. खटले रेंगाळले, कॅमेरा चालू राहिला. यातून घडलेला ‘जय भीम कॉम्रेड’ पुरा झाला तो १४ वर्षांनी, २०११मध्ये.

(घोगरेंचा आवाज, मग डफ)