मालिकेत फॉर्म फाडतात, आपल्याकडं काय होतं?

नमस्कार, सांगलीहून बोलतेय. इंजिनिअर व्हायला निघालेल्या पोरीची मालिका बघून कमेंटमध्ये एकच प्रश्न येतोय, "ताई, खरंच असं होतं का ओ?"

मालिकेत वडील फॉर्म फाडतात. आमच्या तासगावाकडं कुणी फॉर्म फाडत नाही. चहा पिता पिता म्हणतात, "बाळ, भावाचंही बघायचंय, तू इथंच बीएस्सी कर." आवाज चढतच नाही, मग पोरीनं भांडायचं कुणाशी? माझ्या वेळी आत्या मध्ये पडली. "द्राक्षबागेला कर्ज काढताना एवढा विचार केला होता का?" म्हणाली. वडील गप्प झाले आणि मी शिकले.

सीईटी, नोंदणी तुम्हाला माहीत आहे. घोडं अडतं फीपाशी. 2024-25 पासून ईडब्ल्यूएस (आर्थिक दुर्बल घटक), एसईबीसी (सामाजिक आणि शैक्षणिक मागास) आणि ओबीसी मुलींना, घरचं वार्षिक उत्पन्न 8 लाखांच्या आत असेल तर, शिक्षण शुल्क आणि परीक्षा शुल्क पूर्ण माफ आहे. पण प्रवेश कॅप फेरीतूनच, म्हणजे सरकारच्या केंद्रीय प्रवेश प्रक्रियेतूनच पाहिजे. मॅनेजमेंट कोट्याला माफी नाही. कॉलेज तेच, बाक तोच, तरी नाही. आमच्या गल्लीतल्या एका पोरीला ओळखीच्या माणसानं सांगितलं, "सीट घेऊन टाक, माफी नंतर बघू." पूर्ण फी भरतायत तिचे आईवडील. मला फार वाईट वाटतं.

एका दादांनी लिहिलंय, "मेकॅनिकल पोरींना झेपत नाही." दादा, ए. ललिता अठराव्या वर्षी विधवा झाल्या, पदरात तान्ही मुलगी, आणि 1940च्या दशकात मद्रासच्या गिंडी कॉलेजातून इलेक्ट्रिकल इंजिनिअर झाल्या. माझं म्हणाल तर पहिल्या वर्षी वर्कशॉपमध्ये लोखंडाचा तुकडा कानशीनं घासायचा होता. गुण्या, म्हणजे काटकोन तपासायची पट्टी, लावून उजेडाकडं धरायचा. फटीतून उजेड दिसला की परत घासायचा. तळहाताला फोड आले. तिसऱ्या दिवशी उजेड दिसायचा बंद झाला. तो तुकडा अजून माझ्या टेबलावर आहे, हा बघा.

आणि शेवटचं सांगते, सांगलीचं वालचंद कॉलेज असो, कराडचं सरकारी कॉलेज असो, कॉलेजांचा पसंतीक्रम भरताना बाबा शेजारी बसू देत. त्यांना स्क्रीनवर दाखवा, ही कॅपची जागा, हिला माफी आहे. उत्पन्नाच्या दाखल्यासाठी निकालाची वाट बघू नका, या आठवड्यातच अर्ज करा.