सोळाव्या दिवसापासून

[दृश्य : ग्रामपंचायतीचा ओटा, सकाळची उन्हं. दहा-बारा बाया आणि दोन-तीन म्हातारे बसलेले. मांडीवर प्लॅस्टिकच्या पिशवीत जपलेली जॉबकार्डं, म्हणजे रोजगार हमीच्या नोंदणीची कार्डं.]

डिसेंबर २०२४. सोयाबीन कधीच मोंढ्यावर गेलं. कापसाच्या शेवटच्या वेचण्या चालल्यात, त्या उरकल्या की रानातली मजुरी आटेल. गावातली कितीतरी घरं कुलूप लावून ऊसतोडीला गेली, काही वीटभट्टीवर. ओट्यावर बसलेल्या या माणसांना मात्र गाव सोडायचं नाही. कुणाची लेकरं शाळेत आहेत, कुणाची सासू अंथरुणाला खिळलेली. ही मंडळी रोजगार हमीचं काम मागायला आली आहेत. पुढे सांगितलेले नियम आणि दर तेव्हाचे, डिसेंबर २०२४ चे.

काम मागायचा अर्ज म्हणजे नमुना ४. तो दिला की पंधरा दिवसांच्या आत काम मिळायला हवं. नाही मिळालं, तर पुढच्या दिवसापासून राज्य सरकारनं त्या मजुराला रोजच्या रोज हिशेबानं पैसे द्यायचे. याला म्हणतात बेकारी भत्ता. खूप जण याला घरबसल्या मिळणारं अनुदान समजतात आणि तिथंच गल्लत होते. हे पैसे काम न करण्याचे नाहीत. हात पुढे करून काम मागितलं आणि सरकारला ते देता आलं नाही, त्याची ही भरपाई आहे.

[दृश्य : जुनी कृष्णधवल छायाचित्रं. खडी फोडणाऱ्या बाया, पाझर तलावाचा बांध.]

ही कल्पना महाराष्ट्राच्याच मातीतली. विधान परिषदेचे सभापती वि. स. पागे यांनी १९६५ च्या सुमारास सांगली जिल्ह्यात, तासगाव तालुक्यातल्या विसापूरला तिचा पहिला प्रयोग करून पाहिला. पुढे १९७२ चा दुष्काळ आला. १९७३ च्या उन्हाळ्यात राज्यभरातल्या दुष्काळी कामांवर ५० लाखांच्या आसपास माणसं राबत होती. ज्यांनी ते दिवस पाहिले, त्यांना अजून दुष्काळी कामांवर खायला मिळणारी सुकडी आठवते, परदेशातून आलेली मिलो ज्वारी आठवते. त्या अनुभवातून रोजगार हमीचा कायदा झाला, १९७७ साली. २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. काम देता आलं नाही तर दिवसाला किमान १ रुपया भत्ता द्यायचा, असं त्यात लिहिलं होतं. रक्कम लहान होती, पण भारतातल्या एका राज्यानं पहिल्यांदाच कबूल केलं होतं, की मजूर रिकाम्या हातानं परत गेला तर त्याचं देणं आपल्यावर लागतं.

पैसा उभा केला तो शहरांतून. पगाराच्या चिठ्ठीवर 'पी.टी.' नावाची कपात दिसते ना? महिन्याला २०० रुपये, फेब्रुवारीत ३००, वर्षाचे अडीच हजार. हा व्यवसाय कर १९७५ मध्ये रोजगार हमीसाठीच लावला गेला. मुंबई-पुण्यात बसून हा व्हिडिओ पाहणाऱ्या कितीतरी जणांचा या ओट्याशी असा दर महिन्याचा संबंध आहे.

[दृश्य : पाटीवर खडूनं मांडलेला हिशेब.]

२००५ साली केंद्राचा कायदा आला, महात्मा गांधी राष्ट्रीय ग्रामीण रोजगार हमी कायदा, ज्याला आपण मनरेगा म्हणतो. एका कुटुंबाला वर्षाला १०० दिवस कामाची हमी. १०० दिवसांनंतरच्या कामाचा भार महाराष्ट्रानं स्वतःकडे ठेवला. बेकारी भत्ता आता मजुरीच्या दराला बांधला गेला. आर्थिक वर्षातले पहिले ३० दिवस मजुरीच्या किमान पाव हिस्सा, त्यापुढचे दिवस किमान निम्मा.

यातल्याच एकीचं उदाहरण घेऊ. २०२४-२५ मध्ये महाराष्ट्राचा दर होता दिवसाला २९७ रुपये. समजा, तिनं २ डिसेंबरला अर्ज दिला आणि ९० दिवसांचं काम मागितलं. पंधरा दिवस १७ डिसेंबरला संपले. काम निघालं थेट १ फेब्रुवारीला. म्हणजे १८ डिसेंबर ते ३१ जानेवारी, असे ४५ दिवस ती हक्कानं भत्त्याला पात्र.

पहिले ३० दिवस पाव दरानं : २९७ चे पाव म्हणजे ७४ रुपये २५ पैसे. गुणिले ३०. झाले २,२२७ रुपये ५० पैसे.

पुढचे १५ दिवस निम्म्या दरानं : १४८ रुपये ५० पैसे. गुणिले १५. हेही बरोबर २,२२७ रुपये ५० पैसे!

एकूण ४,४५५ रुपये. त्याच ४५ दिवसांचं काम मिळालं असतं, तर तिच्या हातात पडले असते १३,३६५. भत्ता त्याच्या एक-तृतीयांश भरला. पाव-निम्म्याचा हा दर मुद्दाम कमी ठेवलेला आहे, कारण मजुराला कामच हवं असतं. पण दुसऱ्या टप्प्यात तो दुप्पट होतो, हे लक्षात घ्या. सरकार जितकं रेंगाळेल, तितकं देणं चढत जावं अशी ही रचना आहे. एक खाच मात्र मजुराच्या विरुद्ध जाते. ३१ मार्चला वर्ष संपतं आणि १ एप्रिलला मोजणी पुन्हा पहिल्या दिवसापासून, पाव दरानं. ऐन उन्हाळ्यात, जेव्हा मागणी सगळ्यात जास्त असते तेव्हा.

भत्ता थांबतो कधी? कामावर या, असा निरोप मिळाला की. जेवढे दिवस काम मागितलं होतं ते संपले की. कुटुंबाचे १०० दिवस भरले की, किंवा मजुरी आणि भत्ता मिळून १०० दिवसांच्या मजुरीइतकी रक्कम झाली की. आपल्या उदाहरणात २९,७०० रुपये. आणि निरोप मिळूनही पंधरा दिवसांत कामावर गेलं नाही, तर पुढचे तीन महिने भत्त्याचा हक्क राहत नाही.

[दृश्य : तहसील कचेरीचा व्हरांडा. फायलींचे गठ्ठे.]

आता पैसे कुणाचे, ते पाहा. मनरेगाच्या मजुरीचा पैसा दिल्लीहून येतो. भत्ता मात्र राज्याच्या तिजोरीतून द्यावा लागतो. काम दिलं तर केंद्राचा खर्च, नाही दिलं तर राज्याचा. राज्यांनी कामं काढावीत म्हणून कायदा करणाऱ्यांनी ही मेख मारून ठेवली. भत्ता मंजूर करतो कार्यक्रम अधिकारी, आपल्याकडे तहसीलदार. देय झाल्यापासून पंधरा दिवसांत तो द्यायचा. देता आला नाही, तर कारणं लिहून वर जिल्ह्याला कळवायची.

कागदावर यात कुठं फट नाही. तरीही रोजगार हमीवर आयुष्य काढलेल्या बाईला विचारा, भत्ता कधी मिळाला का? ती आधी तुमच्या तोंडाकडे बघेल, कारण असा भत्ता असतो हेच तिला कुणी सांगितलेलं नसतं.

सगळं अडतं ते एका चिठ्ठीवर. अर्ज दिला की तारखेसह पोच मिळायला हवी. भत्त्याचा प्रत्येक दिवस त्या तारखेपासून मोजायचा. 'अर्ज ठेवून जा, काम निघालं की निरोप देतो', असं गोड बोलून बाईला माघारी पाठवलं की तिच्या हातात पुरावा उरत नाही. दोन महिन्यांनी काम निघतं, तेव्हा मागणीची नोंद संगणकावर चढते आणि त्या नोंदीप्रमाणे मागितल्याबरोबर काम दिलेलं असतं. मधले भत्त्याचे ४५ दिवस कुठंच नसतात. मला हे फार लागतं. ते दिवस त्या घरानं काढलेले असतात, उधारीच्या पिठावर.

गावात हे अर्ज घेणाऱ्या ग्रामरोजगार सेवकाला एकट्याला दोष देऊन भागणार नाही. शेल्फवर, म्हणजे आधीच मंजूर करून ठेवलेल्या कामांच्या यादीत, कामच नसेल, तर पोच देऊन तो वरच्या साहेबांवर देणं ओढवून घेतो. म्हणून एकट्यादुकट्यानं अर्ज देण्यापेक्षा सगळ्यांनी मिळून द्यावा. कायद्यानं तशी मुभा आहे. पोच नाकारली तर कार्यक्रम अधिकाऱ्याकडे लेखी तक्रार करता येते आणि ती त्यानं सात दिवसांत निकाली काढायची असते. कायद्याविरुद्ध वागणाऱ्याला १,००० रुपयांपर्यंत दंडही आहे.

[दृश्य : पुन्हा ओटा. एकच अर्ज हातोहात फिरतोय. सह्या, अंगठे, शाईचा पॅड.]

अर्ज आत गेला. बाया उठत नाहीत. थोड्या वेळानं शिक्का मारलेली चिठ्ठी बाहेर येते. ज्यांना वाचता येत नाही त्या दहावीतल्या एका पोरीला पुढं करतात. ती चिठ्ठी उजेडात धरते आणि मोठ्यानं वाचते : दोन डिसेंबर दोन हजार चोवीस. मागून एक म्हातारी म्हणते, परत वाच.