कोलिना: डोळे नाही, घड्याळ बघा

26 मे 1999. बार्सिलोनाचं कॅम्प नोऊ स्टेडियम, युरोपातल्या फुटबॉल क्लबांच्या चॅम्पियन्स लीगची फायनल. सहाव्या मिनिटापासून बायर्न म्युनिक 1-0 नं पुढे. नव्वद मिनिटं होऊन गेली, आणि मग वाया गेलेल्या वेळेपोटी वर दिलेल्या तीन मिनिटांत मँचेस्टर युनायटेडनं दोन गोल ठोकले. बायर्नचा सॅम्युएल कुफूर गवतावर आडवा पडलाय, हातानं जमीन बडवतोय. एक टकला माणूस त्याच्यापाशी जातो आणि त्याला उठवायला बघतो. का? तर अजून काही सेकंद खेळायचे बाकी होते!

हा माणूस म्हणजे रेफरी पिएरलुइजी कोलिना.

[पडद्यावर: कोलिनाचा वटारलेल्या डोळ्यांचा फोटो]

हा चेहरा तुम्ही बघितलाच असणार. चोविसाव्या वर्षी आजारानं सगळे केस गेले, अगदी भुवयासुद्धा. राहिले ते हे डोळे. त्यांच्यावर एवढं बोललं गेलंय की मला त्याचा कंटाळा आलाय. मला कोलिना आवडतो तो त्याच्या घड्याळासाठी. सामना संपल्याशिवाय संपला म्हणायचं नाही, हा त्याचा हट्ट.

जन्म 1960 चा, बोलोन्याचा. सतराव्या वर्षी मित्रानं गळ घातली म्हणून रेफरीच्या कोर्सला बसला. पुढे अर्थशास्त्राची पदवी घेतली, पोटापाण्यासाठी आर्थिक सल्लागार झाला. सेरी आ, म्हणजे इटलीच्या अव्वल लीगमध्ये पोचायला 1991 उजाडलं. चौदा वर्षं खालच्या मैदानांवर शिट्टी मारत काढली म्हणा ना.

आता माझा सगळ्यात लाडका किस्सा. 14 मे 2000, सेरी आचा शेवटचा दिवस. युव्हेंटस दोन गुणांनी पुढे, त्यांचा सामना पेरुजात. मागोमाग लाझिओ, ते रोममध्ये खेळतायत. पेरुजात हाफटाइमला 0-0, आणि असा पाऊस कोसळला की मैदानाचं तळं झालं. कोलिना छत्री घेऊन बाहेर येतो, चेंडू टाकून बघतो, उसळतोय का. उसळत नाही. परत आत. आपल्याकडे पावसात अंपायर पिच बघायला येतात ना, अगदी तेच दृश्य, फक्त इथे अख्खी लीग टांगणीला! तासाहून जास्त वेळ गेला. तिकडे लाझिओ 3-0 नं जिंकून मोकळी झाली, आणि लोक रेडिओला कान लावून बसले. शेवटी पेरुजात खेळ सुरू झाला, कालोरीनं गोल मारला, युव्हेंटस 1-0 नं हरली आणि एका गुणानं लीग लाझिओची. युव्हेंटसचे चाहते आजही म्हणतात, त्या चिखलात खेळवायलाच नको होतं. खरं सांगू? मला त्यांचं अगदीच चूक वाटत नाही. पण ताटकळत थांबणं सोपं नव्हतं, सामना रद्द करून घरी जाणं सोपं होतं.

2002 ची वर्ल्ड कप फायनल, योकोहामा, ब्राझील 2, जर्मनी 0. तिथेही शिट्टी याचीच. त्यावर फार बोलत नाही, कारण फार वाद झाला नाही, आणि रेफरीसाठी याहून मोठी शाबासकी कुठली?

गंमत बघा, त्याची स्वतःची वेळ मात्र मध्येच तुटली. इटलीत रेफरीला 45 व्या वर्षी निवृत्त व्हावं लागायचं. 2005 मध्ये कोलिना 45 चा झाला, तर ही मर्यादा वर्षभरानं वाढवली. म्हणजे त्याला इंज्युरी टाइम, तोच तो नव्वद मिनिटांवरचा जादा वेळ, मिळाला! पण त्यानं ओपेल गाड्यांच्या जाहिरातीचा करार केला, आणि ओपेलचं नाव तेव्हा एसी मिलान या क्लबच्या जर्सीवर. जो मिलानचे सामने खेळवणार, त्यालाच मिलानच्या स्पॉन्सरचे पैसे? ओरड झाली. ऑगस्टमध्ये त्यानं राजीनामा दिला. त्याच्या काही दिवस आधी एव्हर्टन-व्हिलारिआल सामन्यात त्यानं एव्हर्टनच्या डंकन फर्ग्युसनचा डोक्यानं मारलेला गोल नाकारला होता. एव्हर्टनवाल्यांसमोर आजही कोलिनाचं नाव काढून बघा!

नंतर तो रेफरींचा साहेब झाला. आधी इटलीत, मग युएफात, म्हणजे युरोपच्या फुटबॉल संघटनेत, आणि 2017 मध्ये फिफाच्या रेफरी समितीचा अध्यक्ष. कतारचा 2022 चा वर्ल्ड कप आठवतोय? इंग्लंड-इराण सामन्यात दोन्ही हाफ मिळून वीस मिनिटांहून जास्त वेळ वर खेळवला. सगळे वैतागले, हे काय चाललंय म्हणाले. तर त्यामागे हाच माणूस होता. जखमांत, बदली खेळाडूंत, गोलच्या जल्लोषात जितका वेळ जातो तितका मोजा आणि परत द्या, असं त्यानं रेफरींना आधीच बजावलं होतं.